बोलला

काचेच्या पलीकडे बाबा बसले होते आणि त्यांच्या हातातलं बटण दाबलं जात नव्हतं. तिने आवाज एक पायरी वाढवला, मग आणखी एक. तिच्या पुढ्यातल्या यंत्रावरचा दिवा लागेना. सुरुवातीचे जाडे, घोगरे आवाज त्यांनी पटापट ओळखले होते, मधलेही बरेचसे, पण पट्टी वर चढत गेली तसं त्यांचं बोट मंदावत गेलं होतं आणि आता थांबलंच होतं. एखादा परका पेशंट असता तर तिने मान हलवून दुसरा कान घ्यायला सुरुवात केली असती. ऐकू न येणं तपासणं हे तिचं रोजचंच काम होतं. पण बाबा मान किंचित कलती करून, नजर जमिनीवर ठेवून, ओठ जरासे उघडे टाकून बसले होते, आणि ही त्यांची बसण्याची तऱ्हा तिच्या ओळखीची होती. त्यांच्या प्रत्येक पुस्तकाच्या मागे हाच फोटो असायचा. तळ्याकाठच्या घराच्या पायरीवर बसलेला, ऐकणारा माणूस. लोक म्हणायचे, ऐकावं तर असं, जिवाचा कान करून. तिने आवाज शेवटच्या पायरीपर्यंत नेला. तेवढा आवाज तिच्या कानात कुणी सोडला असता तर तिने हेडफोन ओढून फेकला असता. बाबा तसेच बसून होते. इतकं सुंदर ऐकत होते आणि त्यांना काहीही ऐकू येत नव्हतं.

त्यांना शहरात आणावं लागलं ते शेजारच्या काकूंच्या फोनमुळे. तळ्याच्या पलीकडून आता मोठा रस्ता गेला होता, आणि तो ओलांडताना बाबा एका ट्रकच्या अगदी पुढ्यात जाऊन उभे राहिले होते. ड्रायव्हर भोंगा वाजवून थकला, मग खाली उतरून त्यांना दंडाला धरून बाजूला घेऊन गेला. "शिव्या देत होता गं," काकू म्हणाल्या, "आणि हे त्याला हसून नमस्कार करत होते." आई जाऊन दोन हिवाळे झाले होते. तेव्हापासून बाबा एकटेच राहत होते, आणि दर आठवड्याला वर्तमानपत्राच्या पुरवणीतलं त्यांचं सदर मात्र न चुकता येत होतं. तिच्या दवाखान्यातल्या कानाच्या डॉक्टरांनी त्यातला एक लेख कापून वेटिंगमधल्या भिंतीवर लावला होता. ते बाबांना भेटले तेव्हा त्यांचा हात सोडेनात. "सर, सकाळी आधी तुम्हाला वाचतो, मग पेशंटच्या कानात बघतो. नाहीतर दिवसभर मळच दिसतो," असं म्हणाले आणि स्वतःच्या विनोदावर एकटेच हसले. बाबांना विनोद कळला नव्हता. त्यांना 'मळ' हा शब्द ऐकू आला नसावा. पण ते वेळेवर हसले. ते नेहमीच वेळेवर हसत आले असतील, असं तेव्हा तिच्या मनात आलं होतं.

खोलीचं जाड दार उघडून ती आत गेली आणि त्यांच्या डोक्यावरचा हेडफोन काढू लागली. "पास का नापास?" त्यांनी विचारलं. ती त्यांच्यासमोर स्टूल ओढून बसली, म्हणजे तिचे ओठ त्यांना दिसतील, आणि रोज परक्यांना सांगते तसं तिने सांगितलं. खालचे आवाज ठीक आहेत. वरचे पोचत नाहीत. वयाने होतं असं, पण तुमचं बरंच आधी सुरू झालं असणार. बाबा स्वतःच्या गुडघ्याकडे बघत राहिले. "वरचे म्हणजे कुठले?" तिने सांगितलं: शीळ, किल्ल्यांचा आवाज, 'स' आणि 'श', लहान मुलांचं बोलणं. मग ती थांबली. पुढचं तिला सांगायचं नव्हतं. बाबाच म्हणाले, "सुईवाला."

सुईवाला हे नाव त्यांनीच ठेवलेलं होतं. लव्हाळ्यात राहणारा, मुठीत मावेल एवढा मातकट पक्षी. दिसायचा जवळजवळ नाहीच. संध्याकाळी उन्हं कलली की त्याचा एक बारीक, टोकदार, लांब आवाज यायचा, कापडातून सुई आरपार ओढावी तसा. पुस्तकात त्याचं खरं नाव होतं, पण बाबांच्या वाचकांना तो सुईवाला म्हणूनच ठाऊक होता. पहिल्या पुस्तकापासून तो होता. तळ्यावर रस्ता आला, पलीकडची लव्हाळी कापली, तेव्हा बाबांनी 'तो हटला नाही' या नावाचा लेख लिहिला होता, आणि तोच डॉक्टरांच्या भिंतीवर होता. लोकांनी तो शाळांत वाचून दाखवला. आजारी माणसांनी उशाशी ठेवला. आणि तिने तो कुठे वाचला होता हे तिने कधी कुणाला सांगितलं नव्हतं. तिचा नवरा घर सोडून गेला त्या आठवड्यात, बसमध्ये उभ्याने, एका हाताने दांडा धरून वाचला होता. तोवर बाबांच्या लिहिण्याचा तिला रागच येत असे. त्या दिवशी मात्र ती दोन थांबे पुढे गेली आणि मग उतरून एका बंद दुकानाच्या पायरीवर बसून राहिली. एवढासा पक्षी. त्याचं अर्धं घर कापून नेलं आणि तरी तो संध्याकाळी बोलला. मग आपणही उद्या कामावर जाऊ, असं तिला वाटलं आणि ती गेली.

"मला माहीत आहे," बाबा म्हणाले. "बरीच वर्षं नाही येत. तुझी आई सांगायची ना." "काय सांगायची?" "तो बोलला की. संध्याकाळी बाहेर येऊन सांगायची, बोलला. मग मी त्या दिवसाच्या पानावर लिहायचो." तिने त्यांच्याकडे पाहिलं. जे डोळ्यांनी पाहिलं नाही आणि कानांनी ऐकलं नाही ते लिहायचं नाही, हे त्यांचं वाक्य मुलाखतींतून, भाषणांतून लोकांच्या तोंडी बसलं होतं. त्यांना तिच्या चेहऱ्यावर ते वाक्य दिसलं असावं. "अगं, घरात दोन माणसं असली की कानही चार असतात," ते म्हणाले. "त्यातल्या दोन कानांनी ऐकलं की झालं." "आणि आई गेल्यावर?" बाबा हसले. ते हसणं तिला लहानपणापासून माहीत होतं. सगळ्या जगाला समजावून सांगून झाल्यावर एखाद्या हट्टी पोरासाठी राखून ठेवलेलं. "मला ऐकू येत नाही म्हणून तो नाही, असं थोडंच आहे? तो काय माझ्यासाठी बोलतो?"

कानात घालायचं मशीन तिने स्वतः निवडलं, स्वतः त्यांच्या कानाच्या मापाचं करून घेतलं. ते लावून बाबा दवाखान्याच्या लांब बोळातून चालत गेले आणि मध्येच थांबले. "हे काय वाजतंय?" त्यांचीच चप्पल होती. मग कागद, नळ, रिसेप्शनवरच्या बाईंचं नाक ओढणं. तिच्या घरी स्वयंपाकघरात उभं राहून त्यांनी फ्रिजला बराच वेळ कान दिला. "हा सतत बोलतो?" "सतत." "आणि तू झोपतेस कशी?" तिला हसू आलं आणि लगेच ते विरलं, कारण याच फ्रिजसमोर याच ओट्याशी आई उभी राहिली होती, ती एकदा चार दिवस राहायला आली होती तेव्हा. आईला फ्रिजचं काही वाटलं नव्हतं. ती बाथरूममध्ये गेली आणि बाहेरच येईना, म्हणून हिने जाऊन पाहिलं तर आई नळाखाली हात धरून उभी होती. गरम पाणी सोडत होती, बंद करत होती, पुन्हा सोडत होती. मुलीला पाहून ओशाळली. "लगेच येतं गं," म्हणाली. तळ्याकाठच्या घरात पाणी तापवायचं म्हणजे आधी लाकडं आणायची, ती फोडायची, चूल पेटवायची. बाबांनी त्या चुलीवर एक सुरेख लेख लिहिला होता. ज्या उबेसाठी माणूस स्वतः घाम गाळतो ती दुप्पट ऊब देते, असं काहीसं त्यात होतं. लाकडं आई फोडायची. ते बाबांनी लपवलं नव्हतं. 'आम्ही लाकडं फोडतो' असं लिहिलं होतं, आणि त्यांच्या 'आम्ही'मध्ये आई नेहमीच असायची.

तिला ते सगळं आठवत होतं, आणि आठवताना नेहमीसारखा राग यावा म्हणून ती वाट बघत होती. बाबा शिक्षकाची नोकरी सोडून तळ्यावर गेले तेव्हा ती शाळेत जाऊ लागली होती. घरात दोन खोल्या, दोन खुर्च्या, चार भांडी. जास्त वस्तू आल्या की त्या माणसाला वापरू लागतात, असं बाबा म्हणायचे, आणि ते खरंच तसे राहिले. ढोंग त्यांच्यात नव्हतं, म्हणून तर राग कुणावर काढायचा ते कळत नसे. सुटीच्या दिवशी शहरातून वाचक यायचे, पायरीवर बसायचे, डोळे मिटून घ्यायचे, "किती शांत आहे हो इथे," म्हणायचे. त्यांचा चहा करताना आई आतून तिला हळूच म्हणायची, "शांत असायला काय झालंय, कपबशा विसळायला कुणी येत नाही ना आत." आणि दोघी तोंडावर हात ठेवून हसायच्या. मोठी झाल्यावर तिने कानांचं शिक्षण घेतलं, शहर गाठलं, सतत बोलणाऱ्या फ्रिजच्या घरात राहिली. आपण बाबांपासून लांब आलो असं तिला वाटत असे. पण दिवसभर ती माणसांना एका बंद खोलीत बसवून, अगदी बारीक आवाज ऐकू येतो का, म्हणून विचारत होती. हे तिच्या नवऱ्याने एकदा भांडणात म्हटलं होतं, आणि त्याचं तेवढं एक वाक्य तिला पटलं होतं.

शनिवारी दोघं बसने तळ्यावर गेली. बाबांना घाई झाली होती. वाटेत त्यांनी मशीन दोनदा काढून रुमालात गुंडाळलं, शहराचा आवाज त्यात भरून राहील अशी भीती असल्यासारखं. घर बंद असल्याचा वास येत होता. चुलीपाशी लाकडांचे दोन-तीनच तुकडे होते, तेही ओबडधोबड, आईने फोडलेले असते तर एकसारखे असते. उन्हं उतरू लागली तसे बाबा बाहेर पायरीवर जाऊन बसले. शेजारच्या काकू दूध घेऊन मागच्या दाराने आल्या. आईची आणि त्यांची मैत्री या मागच्या दारातूनच झालेली होती. पुढच्या दारी बाबा लिहीत असायचे.

"मशीन बसवलंस, बरं केलंस," काकू म्हणाल्या. "आता ट्रक तरी ऐकू येईल." "त्यांना सुईवाला ऐकायचाय." काकूंनी दुधाचं भांडं ओट्यावर ठेवलं आणि त्यावर ताटली झाकली. मग ती उगीच सरळ केली. "तो कुठला आता," त्या म्हणाल्या. तिला वाटलं, काकू म्हणतायत की आजकाल नसतो, यंदा आला नाही. तिने तसं विचारलं. "यंदाचं कसलं घेऊन बसलीस. पलीकडची लव्हाळी कापली ना, त्या वर्षीच गेला तो. तुझी आई चांगली हिंडतीफिरती होती तेव्हा." "पण आई तर त्यांना रोज..." "हो. रोज." काकूंनी पदराने हात पुसले. ते कोरडेच होते. "इथूनच जायची बाहेर. परत आली की म्हणायची, सांगून आले बाई आजचं खोटं. मी म्हटलं, अगं कशाला? सांगून टाक एकदा की तो गेला, म्हणजे हेही उठतील इथून, लेकीकडे जाल, सुखाने राहाल. तिला हवंच होतं ते. तुझ्या घरचा तो गरम पाण्याचा नळ तिने मला किती वेळा सांगितला असेल. तर म्हणाली, तो गेला म्हटलं तर हे लिहितील कशावर? आणि लिहिलं नाही तर हे करतील काय?" काकू जरा थांबल्या. "पहिल्यांदा म्हणे चुकून बोलली. हे विचारत होते, बोलला का, बोलला का, आणि चुलीवर काहीतरी उतू जात होतं. म्हणाली बोलला, आणि आत पळाली. मग दुसऱ्या दिवशी नाही कसं म्हणणार?"

काकू गेल्यावर ती ओट्याला टेकून उभी राहिली. 'तो हटला नाही.' लव्हाळी कापल्यानंतर तर तो लेख लिहिला होता. म्हणजे तेव्हा तळ्यावर तो नव्हताच. डॉक्टरांच्या भिंतीवर नव्हता, त्या शाळांमध्ये नव्हता, बसमध्ये दांडा धरून उभ्या असलेल्या तिच्या हातातल्या कागदावरही नव्हता. चुलीवर काहीतरी उतू जात असताना एका बाईने घाईत तोंडातून काढलेला एक शब्द तेवढा होता, आणि त्या शब्दावर ती दुसऱ्या दिवशी उठून कामावर गेली होती. आपण फसलो असं तिला वाटायला हवं होतं. पण डोळ्यांसमोर येत होती ती आई, नळाखाली हात धरून उभी असलेली. एक खरा शब्द बोलली असती तर तिला ते पाणी रोज मिळालं असतं. एका हाकेचं अंतर होतं. मागच्या दारातून पुढच्या दारापर्यंत.

ती बाहेर आली तेव्हा बाबा त्याच तऱ्हेने बसले होते, मान कलती, ओठ जरासे उघडे. तळ्यावर रंग उतरला होता. रस्त्यावरून गाड्या जात होत्या आणि कुठल्यातरी शेतात पंप चालू होता. "सगळं येतंय," बाबा म्हणाले. "गाड्या येतात, पंप येतो. तुम्ही दोघी आत बोलत होतात तेही आलं, शब्द नाही कळले. आणि हे बघ, हे गवताचं येतंय, एकमेकाला घासतं ते. किती वर्षांनी ऐकतोय. पण तो येत नाही." त्यांनी मशीन बोटाने जरा आत दाबलं. "हे बरोबर आहे ना? का त्याच्या पट्टीला कमी पडतंय?"

कमी पडतंय, असं तिला सांगता आलं असतं. सवय व्हायला वेळ लागतो, मेंदूला पुन्हा शिकावं लागतं, हे वाक्य ती रोज सांगत असे आणि ते खोटंही नव्हतं. आणखी एक हिवाळा गेला असता. बाबा पानं लिहीत राहिले असते, डॉक्टर सकाळी वाचत राहिले असते, आणि कुठल्यातरी बसमध्ये कुणीतरी दोन थांबे पुढे जाऊन मग उतरलं असतं. ते काही वाईट झालं नसतं. ती त्यांच्या शेजारी पायरीवर बसली. बाबा तिच्याकडे वळून तिचे ओठ बघत होते, मशीन असूनही, जुन्या सवयीने.

"मशीन बरोबर आहे, बाबा."

त्यांनी मान डोलावली. पुन्हा तळ्याकडे वळले. "मग आज नसेल बोलत," ते म्हणाले. "थंडी लवकर पडली यंदा." तीही त्यांनीच काढलेली पळवाट होती आणि त्यांनीच ती सोडून दिली. मग तळ्याकडे बघतच त्यांनी विचारलं, "कधीपासून नाही तो?"

तिने सांगितलं. काकूंनी सांगितलं तेवढंच. शब्द वाढवले नाहीत, कमी केले नाहीत. फक्त आई त्याला खोटं म्हणायची, हे तेवढं गाळलं. त्यांचा चेहरा तिला दिसत नव्हता. हात दिसत होते, मांडीवर उताणे पडलेले. आता ते रागावतील, किंवा आपण लिहिलेलं सगळं आठवून मोडून पडतील, असं तिला वाटलं. लेख, पुस्तकं, बक्षिसं, तो भिंतीवरचा कागद. पंप बंद पडला आणि एकदम गवताचा आवाज वाढल्यासारखा झाला.

"ती बसायची नाही इथे," बाबा म्हणाले. "उभ्यानंच सांगायची. मी तळ्याकडे बघत असायचो, मागून यायची. बोलला, म्हणायची." त्यांनी तो शब्द आईच्या लयीत म्हटला, शेवटी किंचित खाली पडणारा, आणि तिला पाठीमागे दारात कुणी आल्याचा भास झाला. "मग आत जायची लगेच."

"हो."

अंधार पडत होता. बाबा तिच्याकडे वळले. तिला त्यांचा तो चेहरा नवीन होता. ज्याला काहीच समजावून सांगायचं नाही, ज्याला फक्त काहीतरी हवंय, अशा माणसाचा.

"आत जाऊन काय करायची गं ती?" त्यांनी विचारलं. "माझं लिहून होईपर्यंत?"

ती सांगायला गेली. चूल, भांडी, लाकडं, असं तिच्या ओठांवर आलं. पण ते तिच्या लहानपणीचं होतं. लव्हाळी कापल्यानंतरची सगळी वर्षं ती शहरात होती, आणि त्या संध्याकाळी आई आत एकटीच असायची. कधी फोन झाला तर बाबांची तब्येत, पाऊसपाणी, तुझं काय चाललंय, एवढंच बोलणं व्हायचं. आई, तू काय करतेस, असं तिनेही विचारलं नव्हतं.

बाबा वाट बघत होते. मान कलती करून, जिवाचा कान करून.